काकू ऐकते

१

संध्याकाळी सात वाजता आई टीव्ही लावायची आणि बारक्या दुकानातून येऊन, हात न धुताच, तिच्या खुर्चीशेजारी जमिनीवर फतकल मारायचा. टायरच्या दुकानात राबणाऱ्याचे हात तसेही धुऊन निघत नाहीत. आईच्या मांडीवर ताटली असायची आणि नजर पडद्यावर.

सीरियल एका मोठ्या घराची होती. त्या घरात रोज कोणीतरी कोणाला तरी काहीतरी भयंकर सांगायचं आणि बाकीचे उभ्याउभ्या ऐकायचे. ऐकणाऱ्यांच्या मागच्या रांगेत, खांबाला लागून, मधली काकू असायची. मधली काकू म्हणजे बारक्याची ताई.

ताई जाऊन सहा आठवडे झाले होते.

"आली," आई म्हणायची.

"आली," बारक्या म्हणायचा.

दोन सेकंद, तीन सेकंद. अख्ख्या भागात मिळून दहा-बारा. तेवढ्यात आईच्या घशाखाली चार घास उतरायचे. दिवसभर तिच्यापुढे काहीही ठेवा, ती हात लावत नसे. जेवायची ती याच अर्ध्या तासात, आणि बारक्या तिचे घास मोजत बसायचा.

ताईने एकोणीस वर्षं हेच केलं होतं. नर्स झाली, शेजारीण झाली, मुख्याध्यापिका झाली, तुरुंगातली पहारेकरी झाली. "सतरा वेळा आई झाले रे बारक्या," ती सांगायची, "आणि एकदाही पोटात दुखलं नाही." रस्त्यात लोक तिला अडवायचे, पण नाव कोणाला आठवायचं नाही. एकदा एका बाईने विचारलं, "तुम्ही आमच्या पोस्टात होता ना?" ताई म्हणाली, "होते. बदली झाली." घरी येऊन ती इतकी हसली की तिला ठसका लागला.

ती गेली ती मेकअप रूममधल्या खुर्चीत, भर दुपारी. डुलकी लागली असेल असं सगळ्यांना वाटलं. तिचा शॉट शेवटी होता, मग कशाला उठवा, म्हणून माणुसकीने कोणी हाक मारली नाही. दीड तास. तिच्यावाचून कोणाचं अडत नव्हतं.

बारक्या हे कोणाला सांगताना रडत नसे. दुसऱ्या कोणाच्या तरी ताईचं सांगावं तसं सांगायचा.

२

ती गेल्यावर पाचव्या दिवशी सीरियलच्या ऑफिसातून बोलावणं आलं. तिथे सगळा कारभार एक मॅडम बघायच्या. चष्मा डोक्यावर, दुसरा गळ्यात. त्यांनी खुर्ची दिली, पाणी दिलं, हळू आवाजात बोलल्या.

"हे बघ, गोष्ट पुढे न्यायला लागते. काकूचं काहीतरी करावं लागेल. एक तर ती लेकीकडे राहायला गेली असं दाखवायचं, नाहीतर..."

"नाहीतर काय?"

"नाहीतर सरळच दाखवायचं. जे झालं ते. एक छान सीन होईल. तिच्याबद्दल सगळे चार शब्द बोलतील."

बारक्याने पाण्याचा ग्लास टेबलावर आपटला. फुटला नाही, पण मॅडम दचकल्या.

"एकदा मेली ना ती? पुरे झालं ना? आता टीव्हीवर परत मारणार? आईनं परत बघायचं?"

"अरे, तसं नव्हे..."

"तिला मारायचं नाही. कुठे पाठवायचंही नाही. जिथे आहे तिथे राहू दे तिला."

त्याचा आवाज चढत गेला. बाहेरची माणसं काचेतून डोकावायला लागली. सातवीत शाळा सुटल्यापासून बारक्याचं म्हणणं कोणत्याही ऑफिसात कोणी ऐकलं नव्हतं. त्या दिवशी ऐकलं. मॅडमनी डोक्यावरचा चष्मा नाकावर घेतला, कोणाला तरी फोन केला आणि म्हणाल्या, "ठीक आहे. तिची बँक आहे आमच्याकडे. काकू राहील."

एका कागदावर त्याने सही केली. कागद वाचायला घेतला असता तर दुपार गेली असती. घरी येऊन त्याने आईला सांगितलं, "ताईला मरू दिलं नाही मी."

आई त्याच्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "बरं केलंस."

३

बँक म्हणजे काय ते बारक्याला आधीपासून ठाऊक होतं. सीरियलचा हीरो ज्या दिवशी येत नाही, त्या दिवशी मागच्या माणसांना एकेक करून भिंतीपुढे उभं करतात आणि त्यांच्या चेहऱ्यांचा साठा करून ठेवतात. धक्का. काळजी. संशय. हायसं वाटणं. डोळ्यांत पाणी, पण न सांडलेलं. प्रत्येक चेहरा एकदा डावीकडे बघून, एकदा उजवीकडे. समोर कोणीच नसतं. कॅमेऱ्याशेजारी एक माणूस मूठ वर धरतो आणि त्या मुठीकडे बघून काळजी करायची.

ताई याची तयारी घरी करायची. बारक्या मूठ धरायचा.

"वर घे. अजून वर. एवढा ठेंगणा नवरा नाही माझा."

"आता काय करतोय नवरा?"

"दिवाळं निघालंय त्याचं. बघ माझ्याकडे." आणि तिचा चेहरा असा पडायचा की बारक्याला खरंच आपलं दिवाळं निघाल्यासारखं वाटायचं. "माझं काम काय सांगू? दुसऱ्याचं दुःख नीट ऐकणं. बोलायला काय, कोणीही बोलतं."

असे चाळीस चेहरे होते. बारक्याला ते पाढ्यांपेक्षा पक्के पाठ होते. त्यामुळे सातव्या आठवड्यात, एका बुधवारी, काहीतरी वेगळं दिसलं ते त्यालाच आधी दिसलं.

चेहरा ओळखीचाच होता. काळजी, डावीकडे. पण खांदे हलत होते. आधी डावा खांदा किंचित खाली गेला, मग तो वर आला आणि उजवा खाली गेला. उभं राहून राहून माणूस या पायावरचा भार त्या पायावर घेतो, तसं.

बँकेच्या शॉटमध्ये असं कोणी करत नाही. तिथे तीन सेकंद उभं राहायचं असतं.

"पाय दुखतायत तिचे," आई म्हणाली.

"आई, ते जुनं शूटिंग आहे."

"मग जुने पाय दुखतायत."

त्या रात्रीचे दोन घास आईच्या ताटलीत तसेच राहिले.

४

दुसऱ्या दिवशी दुकानात मोकळा वेळ मिळाल्यावर बारक्याने फोनवर तो भाग पुन्हा लावला. स्क्रीनवर ग्रीसचे ठसे होते, ते बाहीने पुसले. डावा खांदा, उजवा खांदा. त्याने सात वेळा बघितलं. शेजारच्या चहावाल्याला दाखवलं. चहावाला म्हणाला, "कुठे? कोण? ही हिरव्या कपड्यांतली? भारी दिसते की."

"ती नाही. खांबाजवळची."

चहावाल्याने फोन डोळ्यांशी नेला, लांब नेला. मग बारक्याकडे बघितलं आणि फोन हळूच परत त्याच्या हातात ठेवला. "घरी जा आज लवकर," म्हणाला. चहाचे पैसे घेतले नाहीत.

बारक्याने स्वतःची समजूत घातली. फोनचा पडदा लहान, चहावाल्याचे डोळे अधू. आणि खांदे हलले तर हलले. शूटिंगच्या दिवशी ताई दमली असेल आणि तेवढा तुकडा आत्ता वापरला असेल. माणूस दमतो. त्यात काय?

शनिवारी सीरियलमधल्या घरावर काहीतरी संकट आलं आणि सगळ्या बायकांनी राखाडी कपडे घातले. खास त्या भागासाठी शिवलेले; जाहिरातीतही तसं सांगत होते. ताईनेही राखाडीच घातले होते. तिच्या बँकेत निळे, पिवळे आणि पांढरे कपडे होते. राखाडी नव्हते. ते शिवले गेले तेव्हा ताई नव्हतीच.

कॉम्प्युटरवर रंग बदलत असतील, असं बारक्याने ठरवलं. हल्ली काय वाटेल ते करतात.

सोमवारी तिचा हात खांबावर होता. मंगळवारी ती खांबाला टेकली होती. गुरुवारी थोरली सासू रडत, ओरडत, जिना चढत होती आणि सगळं घर डोळे फाडून बघत होतं, तेव्हा मागे ताईने डोळे मिटले. मोजून दोन सेकंद. मग कोणीतरी अंगावर ओरडल्यासारखी दचकून तिने ते उघडले आणि पुन्हा ऐकायला लागली.

आईने ताटली जमिनीवर ठेवली.

"खा ना गं."

"ती उभी, आणि मी बसून खाऊ?"

"आई, ती तिथे नाहीये."

"मग कुठे आहे?"

टीव्हीवर जाहिरात लागली होती आणि तिच्या उजेडात आईचं मनगट काडीसारखं दिसत होतं.

"तिला बसायला सांग रे कोणाला तरी," आई म्हणाली. "सकाळपासून उभी आहे पोर."

५

शुक्रवारी तो दुकानात गेलाच नाही. सरळ स्टुडिओत गेला. वरच्या मजल्यावर एका थंडगार, बिनखिडकीच्या खोलीत सीरियलचे तुकडे जोडायचं काम चालायचं. ते काम करणारी एडिटर बाई शाल गुंडाळून बसली होती. ताई तिला "आमची शिंपीण" म्हणायची.

"तू धाकटा ना?" ती म्हणाली. "बस. तिच्या तोंडी सारखं तुझं नाव."

बारक्या बसला नाही. "तिचे पाय दुखतायत असे शॉट लावू नका. आई बघते."

बाईने मान वळवली. "कसले शॉट?"

"बँकेतले. ताईचे."

"बँक संपली की रे." ती हे अगदी सहज म्हणाली. "चाळीस तुकडे, रोजचा एपिसोड. किती पुरणार? पुन्हा पुन्हा तेच लावलं तर लोक ओळखतात. तीन आठवडे झाले, मी तिचा एकही शॉट लावलेला नाही."

खोलीत यंत्राची घरघर होती. बारक्याला वाटलं ती थोडी वाढली.

"कालचा भाग दाखवा."

तिने कापण्याआधीचा, मूळचा दाखवला. थोरली सासू जिना चढत होती. मागे रांग होती. बारक्याने बोट लावून मोजलं. पाच बायका, मग रिकामी जागा, मग खांब. जागा एका माणसाची होती. तिथे भिंत दिसत होती, भिंतीवरचा दिवा दिसत होता. ताई नव्हती.

"इथे होती ती," तो म्हणाला. "डोळे मिटले तिनं."

एडिटर बाईने चित्र थांबवलं होतं आणि ती पडद्याकडे न बघता कीबोर्डकडे बघत होती.

"ही जागा का सोडलीय मध्ये?" त्याने विचारलं.

"तेच मी खाली विचारत असते. सवय म्हणतात. एवढी वर्षं ती तिथे उभी राहायची, तर पाय आपोआप जागा सोडतात म्हणे. मी रोज चित्र कापून ती जागा बाहेर काढते." तिने शाल घट्ट ओढली. "आणि रोज संध्याकाळी माझी सासू मला घरी विचारते, तुमची ती काकू आजारी आहे का गं, फार थकलेली दिसते."

"तुम्हाला दिसते?"

"मला नाही." ती उठली आणि दार उघडून उभी राहिली. "पण कापताना मी आता त्या बाजूला बघत नाही. तू खाली जा. टेपकाकांना भेट."

६

टेपकाका म्हणजे सेटवरचा सगळ्यांत जुना माणूस. कोणी कुठे उभं राहायचं त्या जागी जमिनीवर रंगीत पट्टी चिकटवणं हे त्याचं काम. थोरल्या सासूची लाल, हीरोची निळी, मधल्या काकूची हिरवी. खाली न बघता पट्टीवर येऊन उभं राहता आलं की नट तयार झाला, असं ताई म्हणायची.

जेवणाची सुट्टी होती. मोठं घर अंधारात होतं. जवळून बघितलं तर भिंती प्लायवूडच्या आणि खांब पोकळ. जिना वर जाऊन कुठेच पोचत नव्हता. टेपकाका पायरीवर बसून डबा खात होता. बारक्याला बघून त्याने डब्याचं झाकण लावलं.

"ये. तू येशील असं वाटलंच होतं."

"ताईची जागा कुठली?"

टेपकाकाने टॉर्च लावली. जमिनीवर पट्ट्यांची ओळ होती, स्वच्छ, कडा धरून बसलेल्या. शेवटची हिरवी होती. तिच्यावर दोन ठिकाणी रंग पार गेलेला. दोन टाचांच्या अंतरावर. एक झीज थोडी जास्त, एक थोडी कमी.

"जुनी आहे का ही?"

"आज सकाळी लावलीय," टेपकाका म्हणाला.

बारक्या खाली वाकला, पण त्याने हात लावला नाही.

"रोज सकाळी नवीन लावतो. शूटिंग संपून पॅकअप व्हायच्या आत अशी होते. आधी वाटलं कॅमेऱ्याची ट्रॉली घासते. मग वाटलं झाडूवाली." त्याने टॉर्च बंद केली. "आता काही वाटून घेत नाही."

"मग लावता कशाला?"

"कॉल शीटवर नाव आहे ना बाबा."

त्याने खिशातून घडी घातलेला कागद काढला. कोणी किती वाजता यायचं ते त्यावर रोज छापून येतं. बारक्याने बोट ठेवून एकेक शब्द वाचला. शेवटून दुसऱ्या ओळीत होतं: मधली काकू. सकाळी नऊ. आणि पुढे, प्रत्येक सीनच्या रकान्यात, तेच दोन शब्द: काकू ऐकते. काकू ऐकते. काकू ऐकते.

"हे कोण लिहितं?"

"वरून येतं. तूच म्हणे सांगितलंस, काकू राहिली पाहिजे. मग नाव राहिलं. नाव राहिलं की कॉल जातो, बोलावणं जातं." टेपकाकाने कागदाची पुन्हा घडी घातली. "एकोणीस वर्षांत तुझ्या ताईनं कॉल चुकवल्याचं मी पाहिलं नाही. ताप असला तरी यायची. आणि आपलं पॅकअप झालं असं कोणी सांगितल्याशिवाय सेट सोडायची नाही. इतर जण सटकतात."

"त्या दिवशी तिचं पॅकअप कोणी सांगितलं?"

"त्या दिवशी," टेपकाका म्हणाला, "सगळे अँब्युलन्सच्या मागे धावले."

७

मॅडम जेवत होत्या. बारक्या दार न वाजवता आत शिरला.

"तिचं नाव काढा."

"कोणाचं?"

"ताईचं. कॉल शीटवरून. गोष्टीतून. काकू गेली म्हणून सांगा, लेकीकडे, कुठेही. आजच."

मॅडमनी चमचा खाली ठेवला. "तूच तमाशा केला होतास ना रे इथे? काकू राहिली पाहिजे म्हणून? लोकांची पत्रं येतायत आता, काकूला औषध द्या म्हणून. कधी नव्हे ते तिच्याकडे लक्ष जातंय लोकांचं."

"मीच सांगितलं होतं. चुकलं. आता मीच सांगतोय."

"नक्की? मग परत नाही दिसायची ती."

हा प्रश्न त्याला येताना सुचला नव्हता. तो सुचला असता तर कदाचित तो आलाच नसता. सात वाजता टीव्ही लावायचा, पाच बायका दिसतील, मग खांब दिसेल. अर्धा तास होईल. मग पुढचा दिवस, आणि त्याच्या पुढचा. आईची ताटली.

तो बाहेर पॅसेजमध्ये गेला आणि त्याने घरी फोन लावला.

"आई, ताई उद्यापासून दिसणार नाही. चालेल?"



"बसेल ना ती मग?"

"माहीत नाही."

"मग मला काय विचारतोस," आई म्हणाली. "कर."

तो परत आत गेला. "काढा. आणि तिचं पॅकअप करा. सगळ्यांच्या देखत करतात ना, तसं."

कोणत्याही नटाचं काम संपलं की शेवटच्या दिवशी दिग्दर्शक त्याचं नाव घेऊन पॅकअप पुकारतो, सगळं युनिट टाळ्या वाजवतं आणि माणूस निघतो. लहान असो, मोठा असो. तेवढा मान मिळतोच.

"रिकाम्या जागेला टाळ्या वाजवायच्या?" मॅडमनी विचारलं.

"हो."

त्या हसतील असं त्याला वाटलं होतं. त्या हसल्या नाहीत. डबा तसाच टाकून उठल्या आणि म्हणाल्या, "चल. मलाही एकदाचं हे संपवायचंय."

८

दुपारी तीन वाजता दिवे लागले. सगळे आपापल्या पट्ट्यांवर येऊन उभे राहिले. थोरल्या सासूला एक नवीन वाक्य दिलं होतं. ती म्हणाली, "मधली गेली लेकीकडे, आता तिकडेच राहील," आणि तिचा आवाज वाक्याच्या शेवटी थोडा हलला. दिग्दर्शकाने ते एकदाच घेतलं.

बारक्या सेटच्या बाहेर, मोठ्या जाड दारापाशी उभा होता. सेटवरून बाहेर पडायला ते एकच दार. उंबऱ्यावरून केबली गेल्या होत्या आणि त्यांच्यावर पायाखाली येऊ नयेत म्हणून रबराची रुंद पट्टी टाकली होती. त्याने सगळं ठरवून ठेवलं होतं. टाळ्या झाल्या की आपण म्हणायचं, चल ताई, घरी. मोठ्याने म्हणायचं. लोक हसले तर हसू देत.

दिग्दर्शकाने कागद हातात घेतला आणि ताईचं पूर्ण नाव वाचलं. सेटवर ते नाव कोणी कधी घेतलं नव्हतं. दोन-तीन जणांनी एकमेकांकडे बघितलं.

"यांचं पॅकअप," तो म्हणाला.

टाळ्या वाजल्या. आधी तुरळक, मग सगळ्यांच्या. वर दिवे धरणारी माणसंही वाजवत होती. बराच वेळ वाजत राहिल्या आणि मग एकदम थांबल्या, कोणी खूण केल्यासारख्या.

मग रांगेतली पाचवी बाई थोडी पुढे झाली. मागून कोणी जाणार असेल तर आपण होतो तशी, विचार न करता, कोपर आत घेऊन. मग चौथी. मग तिसरी वळून कडेला झाली. पुढे मेकअपवाला उभा होता, त्याने पायाजवळची पेटी उचलून छातीशी धरली. ट्रॉलीवरच्या माणसाने ट्रॉली एक वीत मागे ओढली. कोणी कोणाकडे बघत नव्हतं. प्रत्येक जण फक्त वाट देत होता, आणि देऊन झाल्यावर आपण हे का केलं असा चेहरा करून उभा राहत होता.

ती वाट सरळ दाराकडे येत होती. फार हळू. मध्ये एकदा थांबली, खुर्चीपाशी. खुर्चीत बसलेला माणूस उठला. मग वाट पुन्हा पुढे सुरू झाली.

टेपकाकाने बारक्याच्या शेजारून हात लांबवला आणि जड दार उघडून धरलं. कोणासाठीही धरायचा तसं.

बारक्याच्या तोंडात शब्द तयार होते.

तो बाजूला सरला. पाठ भिंतीला लावली, पोट आत घेतलं, श्वास धरला. अरुंद जिन्यात समोरून परकं माणूस आलं की माणूस करतो तसं. मान खाली. नजर उंबऱ्यावरच्या रबरी पट्टीवर.

रबराचं त्याला कळतं. माणसाचा पाय पडला की ते किती दबतं, काय दिसतं. त्याच्या समोर, वीतभर अंतरावर, पट्टी दबली. आधी डावीकडे. मग उजवीकडे.

आणि दबलेलीच राहिली.

कोणी जात नव्हतं. कोणीतरी थांबलं होतं. त्याच्याकडे तोंड करून. त्याने काही बोलायची वाट बघत, ऐकायला तयार.

बारक्याने मान वर केली नाही. किती वेळ केली नाही ते त्याला सांगता आलं नसतं.

मग रबर सावकाश वर आलं. टेपकाकाने थोडं थांबून दार सोडून दिलं, आणि ते आपल्या वजनाने बंद झालं.

९

तो घरी पोचला तेव्हा सात वाजून गेले होते. टीव्ही बंद होता. आई ताटलीत काहीतरी घेऊन बसली होती आणि सावकाश खात होती, पडद्याकडे पाठ करून.

तो आपल्या जागी जमिनीवर बसला.

"बसली का?"

"निघाली ती. दारातून गेली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या."

"सगळ्यांनी?"

"दिवेवाल्यांनीपण."

आईने एक घास चावून गिळला. मग पुढचा घेतला.

"तुला भेटली असेल ना रे जाताना? तुझ्याशी न बोलता कशी जाईल?"

बारक्या आपल्या हातांकडे बघत होता.

"गर्दी होती गं," तो म्हणाला.